अनामत रकमेचा हिशेब

शाळेच्या स्मरणिकेसाठी लेख पाठवावा, असे संपादक मंडळाचे पत्र आले, तेव्हा वसतिगृहातील दिवसांविषयी लिहावे असे प्रथम मनात आले. परंतु पहाटेची वंदना, विहिरीवरची थंडगार अंघोळ, ज्वारीची भाकर आणि तळ दिसणारी डाळ यांविषयी माझ्याहून चांगले लिहिणारे माजी विद्यार्थी पुष्कळ आहेत. माझे आयुष्य सरकारी कचेरीच्या लेखा शाखेत गेले. हाताला वळण आहे ते टिपणी लिहिण्याचे. म्हणून आठवणींपैकी एकच प्रसंग सांगतो, आणि त्या प्रसंगाची चाळीस वर्षांनंतर ज्या प्रकरणात मला गरज पडली ते प्रकरण सांगतो.

१९७६ साली माझी दहावीची परीक्षा झाली. आपल्या वसतिगृहात प्रवेशाच्या वेळी प्रत्येकाकडून पंधरा रुपये अनामत घेतली जाई, हे त्या काळातील मित्रांना आठवत असेल. माझ्या वडिलांनी, जे शेतमजूर होते, ती दोन हप्त्यांत भरली होती. शाळा सोडताना ती परत मिळायची, पण कोठीवाल्या गुरुजींनी वस्तूंची यादी तपासल्यावर. ताट, वाटी, पेला, सतरंजी, कंदिलाची काच. माझ्या नावापुढे गुरुजींनी नऊ रुपये कपात लिहिली होती. पितळी ताट हरवले म्हणून सात आणि काच फुटली म्हणून दोन.

त्या काळी आपल्या शाळेत एक दंडक होता. कोणाच्याही अनामतीतून त्याच्या पाठीमागे एक पैसाही कापायचा नाही. कपातीची वही घेऊन गुरुजी भंतेजींसमोर बसत, ज्याचे नाव असेल त्या मुलाला बोलावले जाई आणि त्याच्यादेखत नोंद वाचली जाई. माझी नोंद वाचून झाल्यावर भंतेजींनी विचारले, "बाळ, काच तुझ्या हातून फुटली काय?" मी हो म्हटले. "आणि ताट?" मी सांगितले की आजाऱ्यांच्या खोलीतील एका मुलासाठी रात्री सरांनीच ते माझ्याकडून नेले होते. गुरुजी जरा रागावले. मुले असे सांगतातच, असे ते म्हणाले, आणि ते काही खोटे नव्हते. परंतु भंतेजींनी वहीची पुढची पाने उलटायला लावली. आजाऱ्यांच्या खोलीच्या पानावर ताटाची नोंद होती. कोणीतरी ती केली होती आणि गुरुजींनी ते पान पाहिले नव्हते. माझे दोन रुपये कापले गेले, तेरा परत मिळाले. पावतीवर सही करताना मला कापलेल्या दोन रुपयांचे काहीच वाटले नाही, हे मला आजही स्पष्ट आठवते.

त्या संध्याकाळी पडवीत बसून भंतेजींनी आम्हा जाणाऱ्या मुलांना विनयाची गोष्ट सांगितली. संघाने एखाद्या भिक्खूवर शिक्षेचे कर्म करायचे तर ते त्याच्या समक्ष झाले पाहिजे, त्याला विचारून झाले पाहिजे आणि त्याची कबुली घेऊन झाले पाहिजे. यांपैकी काही राहिले तर ते कर्म धर्माला धरून होत नाही, मग दोष खरा असला तरी. पुढे नोकरीत असताना चुल्लवग्गाचा पहिलाच खंधक वाचनात आला आणि ती तीन लक्षणे तेथे तशीच सापडली. वाद मिटविण्याचे जे सात मार्ग विनयात आहेत त्यांतील पहिल्याचे नावच सम्मुखाविनय आहे. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत बाबासाहेबांनी भिक्खू संघाच्या सभापद्धतीचा जो उल्लेख केला, ठराव, गणपूर्ती, मतमोजणी, एकदा निकाली निघालेला प्रश्न पुन्हा न उकरणे, तो आपण सर्वांनी जयंतीच्या भाषणांत अनेकदा ऐकला आहे. आपण तो अभिमानाने सांगतो. टेबलावर फाइल आली म्हणजे मात्र तो आठवत नाही. निदान मला आठवला नाही, आणि ते पुढे येईलच.

१९८२ साली मी लिपिक-टंकलेखक म्हणून शासकीय सेवेत लागलो. बारा वर्षे एकाच पदावर काढणाऱ्यांसाठी राज्य शासनाने कालबद्ध पदोन्नतीची योजना आणली. तिचा लाभ मला १ ऑक्टोबर १९९४ पासून मिळाला. वरच्या वेतनश्रेणीत वेतननिश्चिती करताना आमच्या आस्थापना शाखेने एक वेतनवाढ जास्त धरली. ही चूक होती. ती माझ्या सेवापुस्तकात चोवीस वर्षे बसून राहिली आणि प्रत्येक वेतन आयोगाबरोबर वाढत गेली. मी स्वतः लेखा शाखेत होतो. दुसऱ्यांच्या वेतननिश्चिती तपासत होतो. स्वतःची का तपासली नाही, असे कोणी विचारले तर प्रामाणिक उत्तर इतकेच आहे की आपल्या फायद्याची बेरीज माणूस पुन्हा करून पाहत नाही.

आमच्या पिढीतील बहुतेकांप्रमाणे माझीही जन्मतारीख गुरुजींनी लावलेली १ जून. म्हणून निवृत्ती ३१ मे २०१८. निरोप समारंभ झाला, शाल-श्रीफळ झाले, निवृत्तिवेतनाची प्रकरणे ज्यांनी कित्येक जणांची केली त्या हातांना स्वतःच्या प्रकरणाची काळजी नव्हती. वेतन पडताळणी पथकाने माझ्या सेवापुस्तकावर आक्षेप घेतला आहे, सुधारित वेतननिश्चिती झाली आहे आणि अतिप्रदानाची रक्कम महालेखापालांकडे कळविली गेली आहे, हे मला कोणी सांगितले नाही. ज्यांच्याबरोबर वीस वर्षे एका डब्यात जेवलो त्यांनीही नाही. कोषागारात ग्रॅच्युइटीचे प्राधिकारपत्र हातात पडले तेव्हा त्यावर वजावट दिसली. एक लाख चौऱ्याऐंशी हजार तीनशे बारा रुपये. धाकट्या मुलीचे नर्सिंगचे शेवटचे वर्ष होते आणि घराच्या स्लॅबसाठी गवंड्याला विसार दिलेला होता. पण खरे सांगायचे तर त्या क्षणी रकमेपेक्षा दुसरीच गोष्ट लागली. मी जिवंत, त्याच गावात, कचेरीपासून दोन किलोमीटरवर राहत असताना माझा हिशेब माझ्याशिवाय झाला होता.

मी कार्यालयात गेलो. "साहेब, नियमाप्रमाणे केले आहे, तुम्हाला काय सांगायचे," असे मला सांगण्यात आले. म्हणून नियमाचे पुस्तक काढले. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२. त्यातील नियम १३४-अ निवृत्त कर्मचाऱ्याला सेवाकाळात जास्त दिलेल्या रकमेच्या वसुलीबद्दलच आहे. शासनाला ती वसूल करता येते, हे त्यात आहे. त्याच नियमाच्या परंतुकात हेही आहे की वसुली का करू नये याचे कारण दाखविण्याची वाजवी संधी त्या निवृत्त माणसाला दिली पाहिजे, आणि वसुली हप्त्यांनी करताना निवृत्तिवेतन ठरलेल्या किमान रकमेखाली जाता कामा नये. नियम कपाटात होता, त्याचा पहिला भाग वापरला होता आणि दुसरा वाचलाच नव्हता. आमच्या खात्यात परंतुके वाचण्याची सवय कमी, हा माझा छत्तीस वर्षांचा अनुभव आहे.

माहितीच्या अधिकाराखाली सेवापुस्तकाची आणि वसुलीच्या तक्त्याची प्रत मागितली. तीस दिवसांत मिळाली नाही, पहिल्या अपिलानंतर मिळाली. तक्ता घेऊन दोन रात्री बसलो. तेथे दोन गोष्टी निघाल्या. माझ्या अपघाताच्या वेळी मी सात महिने बिनपगारी असाधारण रजेवर होतो. त्या सात महिन्यांचेही जादा वेतन दिले असे धरून वसुली लावली होती. न दिलेला पगार परत मागितला होता. दुसरे असे की एका वेतन आयोगाच्या संक्रमणात फरकाची रक्कम दोनदा मोजली गेली होती. अधिक-उणे करून खरे अतिप्रदान एक लाख बावीस हजारांच्या आसपास येत होते. बासष्ट हजारांची चूक दुरुस्त करायला मला समोर बसवून अर्धा तास पुरला असता. आजाऱ्यांच्या खोलीचे पान पुन्हा एकदा कोणी उलटले नव्हते.

आता कायद्याविषयी थोडे, कारण हा अंक वाचणाऱ्यांत निवृत्तीच्या उंबरठ्यावर असलेले शिक्षक, परिचारिका, एसटी आणि वीज मंडळातील बंधुभगिनी आहेत. निवृत्तिवेतन ही सरकारची मेहेरबानी नाही, तो कर्मचाऱ्याचा हक्क आणि मालमत्ता आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७१ साली देवकीनंदन प्रसाद यांच्या प्रकरणात सांगितले. १७ डिसेंबर १९८२ च्या नकारा निकालाने ते आणखी पक्के केले. तो दिवस निवृत्तिवेतनधारक दिन म्हणून पाळला जातो. २०१३ साली झारखंड राज्य विरुद्ध जितेंद्रकुमार श्रीवास्तव या प्रकरणात न्यायालयाने म्हटले की पेन्शन आणि ग्रॅच्युइटी ही संविधानाच्या अनुच्छेद ३००-अ खालील मालमत्ता आहे आणि कायद्याचा आधार नसताना नुसत्या प्रशासकीय सूचनेने ती रोखता येणार नाही. ऐकून न घेता वेतन कमी करण्याबद्दलचा एक निकाल मला विशेष प्रिय आहे, १९९४ मधील भगवान शुक्ला यांचा. रेल्वेतील या गार्डचे मूळ वेतन १९७० पासून एकशे नव्वद रुपये धरले होते. एकवीस वर्षांनंतर, १९९१ साली, ते मागील तारखेपासून एकशे एक्याऐंशी करण्यात आले. फरक नऊ रुपयांचा. देशाच्या सर्वोच्च न्यायालयाने त्या नऊ रुपयांसाठी सांगितले की त्याला आधी नोटीस द्यायला हवी होती.

आणि १८ डिसेंबर २०१४ चा पंजाब राज्य विरुद्ध रफीक मसीह हा निकाल. कर्मचाऱ्याने फसवणूक केलेली नाही, चूक कार्यालयाची आहे, अशा प्रकरणांत वसुली केव्हा करता येणार नाही, याच्या पाच परिस्थिती त्यात आहेत. वर्ग तीन आणि चारचे कर्मचारी. निवृत्त झालेले किंवा वर्षभरात होणारे. पाच वर्षांहून अधिक काळ दिले गेलेले अतिप्रदान. वरच्या पदाचे काम चुकीने करवून घेऊन त्या पदाचे दिलेले वेतन. आणि जेथे वसुली इतकी अन्यायकारक ठरेल की मालकाचा हक्क तिच्यापुढे फिका पडेल, अशी इतर प्रकरणे. पहिल्या तिन्हींत मी बसत होतो.

दुसरी बाजू नाही असे मात्र कोणी समजू नये. २०१२ साली उत्तराखंडातील शिक्षकांच्या प्रकरणात, चंडीप्रसाद उनियाल यांच्या, त्याच न्यायालयाने सांगितले होते की चुकून गेलेला पैसा हा जनतेचा पैसा आहे आणि तो परत घेता येतो. २०१६ च्या जगदेव सिंग निकालाने सांगितले की सुधारित वेतन घेताना जास्तीची रक्कम परत करीन असे हमीपत्र दिले असेल तर ते बांधील राहते. ते अधिकारी न्यायिक सेवेतील होते. म्हणूनच वेतन आयोगाच्या वेळी समोर ठेवलेल्या छापील कागदावर वाचल्याशिवाय सही करू नका, आणि सेवापुस्तक दरवर्षी दाखविले जात नसेल तर मागून घेऊन पाहा. ज्याने खोटी कागदपत्रे दिली, अफरातफर केली, त्याच्यासाठी नियम २७ वेगळा आहे. त्यातही चौकशी आहे, आणि निवृत्तीनंतर ती नव्याने सुरू करायची असेल तर घटना चार वर्षांहून जुनी चालत नाही.

मॅटच्या नागपूर खंडपीठात मूळ अर्ज दाखल करायचे ठरले, तेव्हा घरातच पहिली सुनावणी झाली. पत्नी म्हणाली, "अहो, रोज पंचशील म्हणता. दुसरे शील काय सांगते? जे आपले नव्हते ते चोवीस वर्षे आपण घेतले. मग ते मागायला कोर्टात कशाला जायचे?" मी निकालांची नावे सांगू लागलो. तिने ती ऐकली आणि भाजी निवडत राहिली. अदिन्नादाना म्हणजे न दिलेले घेणे. हे तर मला दिलेले होते, दर महिन्याला, सहीशिक्क्यानिशी. ते मुलांच्या फीत आणि आईच्या औषधात संपलेही होते. हा युक्तिवाद मला न्यायालयापुढे खरा वाटतो. स्वयंपाकघरात तो तितकासा टिकला नाही. शेवटी मी अर्जात दोन गोष्टी लिहिल्या. सुधारित वेतननिश्चिती मला मान्य आहे, आणि तिच्या आधारे पुढील निवृत्तिवेतन कमी ठरेल तेही मान्य आहे. माझी तक्रार न विचारता केलेल्या वसुलीबद्दल आहे. वकिलांना हे फारसे आवडले नाही. मधल्या काळात कोरोना आला, तारखा लांबल्या, आणि २०२१ मध्ये निकाल लागला. वसुलीचा आदेश रद्द झाला, रक्कम परत मिळाली. निवृत्तिवेतन कमी झाले ते झालेच. पत्नीचा प्रश्न अजून घरात आहे.

परंतु हे सर्व लिहायचे कारण ती रक्कम नव्हे.

तक्ता घेऊन बसलो होतो त्या दोन रात्रींपैकी एका रात्री मला आमच्या कचेरीतील एक चौकीदार आठवला. २००९ साली तो निवृत्त झाला. त्याच्याही वेतननिश्चितीत चूक निघाली होती, आणि त्या वेळी वसुलीचे ज्ञापन तयार करणारा लिपिक मी होतो. एक्केचाळीस हजार आणि काही रुपये. नोटीस काढावी असे माझ्या टिपणीत नव्हते. साहेबांना प्रकरण त्या महिन्यात निकाली हवे होते. शिवाय मी स्वतः हमीपत्राचा मजकूर टंकलिखित करून त्याच्यापुढे ठेवला, वाचून दाखविला नाही, आणि शाईच्या गादीवर त्याचा अंगठा धरला. पैसे मिळाल्यावर तो पुन्हा आला. टेबलाच्या त्या बाजूला उभा राहून म्हणाला, "बाबूजी, माह्यं काय चुकलं?" मी म्हणालो, "तुमचे काही चुकले नाही, हिशेब चुकला होता." तो थोडा वेळ उभा राहिला आणि गेला. मला वाटले, मी त्याला उत्तर दिले.

तो आपल्या समाजाचा नव्हता, हे सांगायची खरे तर गरज नाही. मी सांगतो अशासाठी की आपल्या लोकांवर अन्याय होतो तेव्हा आपण त्याला बरोबर ओळखतो. आपल्याच हातून, आपल्याच सुवाच्य अक्षरात, दुसऱ्या कोणावर होतो तेव्हा तो नियमित कामकाजासारखा दिसतो. भंतेजींच्या पडवीत बसलेला मुलगाच त्या टेबलावर बसला होता. त्याच्या तेरा रुपयांची पावती त्याने कितीतरी वर्षे पेटीत जपली होती.

माझा निकाल लागल्यावर, प्रवास पुन्हा सुरू झाला तेव्हा, मी त्याच्या गावी गेलो. तो तीन वर्षांपूर्वी वारला होता. मुलगा एका जिनिंगमध्ये काम करतो. त्याची आई ओसरीवर होती, तिने मला ओळखले नाही. मी कचेरीतून आलो म्हटल्यावर तिने पहिला प्रश्न केला की आणखी काही भरायचे राहिले आहे काय. मी बसलो, पाणी घेतले आणि वसुली कशी झाली ते दोघांना सांगितले. ती मी केली, हेही सांगितले. मुलगा काही बोलला नाही. बाईंनी विचारले, "तवा का नाही सांगितलं?"

मॅटमध्ये जाण्याची मुदत साधारणपणे एक वर्षाची असते. ती केव्हाच उलटून गेली आहे. विलंब माफ करावा असा अर्ज करता येतो. तो मान्य होईलच असे नाही, कारण बारा वर्षे हा विलंब लहान नव्हे आणि २००९ साली रफीक मसीहचा निकालही नव्हता. भगवान शुक्लांचा मात्र होता. वकिलांनी फी न घेता प्रकरण घेतले आहे. अडचण अशी आली की आदेशाची प्रत कुटुंबाकडे नव्हती. ती त्यांना कधी दिलीच नव्हती, आणि अंगठा घेतलेल्या हमीपत्राचीही नाही. म्हणून मुलाच्या नावे माहितीचा अर्ज लिहून दिला. गेल्या पावसाळ्यात दोन्ही कागद आले. झेरॉक्स फिकट आहे, पण वाचता येते. ज्ञापनाच्या खाली साहेबांची सही आहे आणि डाव्या कोपऱ्यात, मसुदा तयार करणाऱ्याच्या जागी, माझी लघुस्वाक्षरी. वकिलांनी विचारले की हे तुमचेच काय. हो म्हटले. मग त्यांनी सांगितले की तुमचे शपथपत्रही जोडावे लागेल, हमीपत्र वाचून दाखविले नव्हते असे तुम्ही लिहून द्याल काय.

ते मी मार्च महिन्यात लिहून दिले आहे. अर्ज दाखल झाला असून पुढील तारीख पडायची आहे.